सूर्याला मूळ

राहीबाई : मंग मी गानार न्हाय. झायला?

रुचिका : आजी, असं काय करतेस गं! उद्या हळद आहे माझी.

राहीबाई : तुजी हळद हाय म्हनूनच बोलते. उद्या सकाळी माज्या आदी या तुज्या आईच्या शाळेच्या बाईंनी माइक घेतला, का मी सरळ खोलीन जाऊन झोपेन. मंग आना हळदीची गानी गानारी कुठली धवलारीन आनायची ती. हाय का कोन दापोड्यान आता? हौसा गेली, तिच्या जोडीची सीताबाय गेली. उरली मी एकटी. आनि माज्या गान्याबिगर या घरान हळद लागलेली न्हाय.

माधवी : राहीबाई, मी म्हणायलाच हवं असं काही नाही. ही हट्ट धरून बसली म्हणून मी हो म्हटलं.

रुचिका : बाई, तुम्ही माघार घेऊ नका हां. आजी, बाई सूर्याचं स्तोत्र म्हणणार, मग तू तुझे धवले गा. दिवसभर गा. दोन्ही सूर्यालाच आहे ना?

राहीबाई : सूर्याला हाय तीच तर गोष्ट हाय. तू तांदूळ बघ तुजे. तुटका दाना चांगल्यान टाकलास. अक्षतेला तुटका चालत न्हाय, कितींदा सांगू?

रुचिका : कारण सांग ना पण. नुसतं नाही म्हणजे काय?

राहीबाई : कारन? बाई, तुमीच सांगा हिला. ते तुमचा स्तोत्र पयल्यांदा कोनाला सांगितला?

माधवी : रामाला. अगस्ती ऋषींनी सांगितलं, रणांगणावर.

राहीबाई : कशापायी?

माधवी : तसं म्हटलं तर... रावणाला जिंकता यावं म्हणून.

राहीबाई : ऐकलास? आनि आमी कोन? आमचे म्हातारे काय सांगायचे? आमी रावनाच्या दरबारातली वाजंत्री. त्याच्या देवापुढं असा वाजवला, असा वाजवला, का राजा खूश झायला आनि ही दर्याकाठची जमीन बक्षीस दिली. त्याचा मीठ खाल्लेली मानसं आमी. आनि त्यालाच मारायचा स्तोत्र माज्या दारान, भोंग्यावर?

रुचिका : त्या बक्षिसाच्या जमिनीवर आता सगळी गोडाऊन झालीत, आजी. रावण बघायला आला, तर आमच्या गेटवर आधी त्याला गेटपास काढावा लागेल. दहा तोंडांचे दहा फोटो.

राहीबाई : हस. हस तू.

माधवी : पण राहीबाई, मागच्या रामनवमीला देवळात पाळणा कोणी म्हटला? मी समोर बसले होते.

राहीबाई : तो पाळना. तान्ह्या पोराशी कसला वैर?

माधवी : हे मात्र खरं.

रुचिका : नाही, बाई. हे खरं कारण नाहीच. आजी खोटं बोलायला लागली की भराभर तांदूळ निवडते. बघा तिचे हात.

राहीबाई : तू खाली जा. आईला हात लाव जरा.

रुचिका : आई मला स्वैपाकघरात पाय ठेवू देत नाही. नवरी आहेस, जा वर गच्चीत, बोलली. आणि ऐक, ती स्वतः उद्या मांडवात येणार नाहीये. सवाष्णींच्या कामात मी नको, मी आत बसते, बोलली. म्हणजे आई आत, आजी रुसून खोलीत. मला हळद लावणार कोण? केटरर?

राहीबाई : चंद्रा असा बोलली?

रुचिका : हो. आणि तू गप्प बसलीस. तुला माहीत होतं.

राहीबाई : तिचा मन तिला ठाऊक. मी काय बोलनार.

माधवी : चंद्राची हळद आठवते मला. सत्तावीस वर्षं झाली नाही? मी पहिली एस.टी. पकडून आले होते. अंधारच होता. मांडवात पोहोचले तेव्हा आचारी तेवढा जागा. हळूहळू उजाडायला लागलं. कोणीतरी माझ्या हातात माइक दिला, बाई काहीतरी मंगल म्हणा म्हणाले. मी हेच स्तोत्र म्हटलं. डोळे उघडले तर शेताच्या टोकाला सूर्य. खरं सांगते, रुचिका, इतक्या वर्षांत कितीदा म्हटलं असेल मी ते, पण तशी सकाळ पुन्हा—

राहीबाई : नका सांगू.

माधवी : का?

राहीबाई : नका सांगू, बाई. हात जोडते.

रुचिका : आजी? काय झालं?

राहीबाई : कुठं काय. डब्याचा झाकन लाव, चिमन्या येतात.

रुचिका : चिमण्या राहू दे. तू आता सांगणार आहेस. मी इथून हलणार नाही.

राहीबाई : बाई, मूळ म्हंजे काय ठाऊक हाय तुमाला?

माधवी : सासरी गेलेल्या मुलीला माहेरी आणायला माणूस धाडतात, ते. मानाचं बोलावणं.

राहीबाई : तसाच आमी सूर्याला धाडतो. हळदीच्या दिशी धवलारीन उगवतीकडं तोंड करून उभी ऱ्हाते नि पयला मूळ सूर्याला. मंग चांदाला, मंग धरतरीला, गावदेवीला, पितरांना. पन पयला त्याला. नाव घेऊन हाक मारायची, का देवा, या दारान लगीन हाय, तू ये. मंग तो येतो. रोज उगवतो, त्या दिशी येतो. आपला पाव्हना होऊन येतो. पोरीच्या बाजूनं उभा ऱ्हातो, तिच्या जल्माला.

माधवी : मला हे कोणी सांगितलंच नाही कधी.

राहीबाई : सांगायची गोष्ट न्हाय ती. धवलारीन धवलारनीला सांगते. आनि त्या दिशी तिच्या आदी कोनी त्याचा नाव घ्यायचा न्हाय. घेतला, तर तो त्याच्या मुळानं आला. दुसऱ्याचा पाव्हना. दुसऱ्याच्या पाव्हन्याला आपन कसा सांगनार, माज्या पोरीकडं बघ म्हनून?

माधवी : म्हणजे त्या दिवशी मी—

राहीबाई : मी आत तांदूळ धूत होते. भोंग्यावर तुमचा आवाज आला. हात पदराला पुसत भायेर धावले. तवा समोर काय न्हवता, शेत होता पार लांबवर. तो हातभर वर आलेला, लाल. तुमी डोळे मिटलेले. सगळी मानसं गप, आचाऱ्यानी झारा खाली ठेवलेला. खोटा कशाला बोलू, मना पन बरा वाटला ऐकून. तवर माजी सासू, हौसा, मागून आली नि कानान बोलली, राहे, दुसऱ्याच्या मुळानं आला गो तो.

रुचिका : मग?

राहीबाई : मंग काय. असा झायला तर हळद थांबवायची, दुसऱ्या दिशीचा सूर्य बघायचा, अशी रीत. पन चारशे मानसांचा जेवान चुलीवर होता. गावोगावची पाव्हनी येऊन बसलेली. कोनाला काय सांगू? मी गायले. जसा काय झायलाच न्हाय, अशी गायले. पाच वरसांनी माजा जावाय, दीपेश गेला. मानकोलीच्या नाक्यावर, टेम्पो घेऊन. ही तीन वरसांची, हिला घेऊन चंद्रा माज्याकडं परत आली.

माधवी : राहीबाई...

रुचिका : आजी, धुकं होतं त्या दिवशी. बाबांच्या पुढे ट्रेलर उभा होता, लाइट न लावता. त्यात सूर्याचा काय संबंध?

राहीबाई : धुक्यान सूर्य कुठं जातो मंग?

(खाली गोडाऊनच्या फाटकात एक ट्रक मागे येतो आहे. त्याची पिपाणी वाजत राहते.)

माधवी : सत्तावीस वर्षं. दर दिवाळीला तुम्ही मला बोलावलंत. भाकरीचं पीठ दिलंत, सुकट दिलीत. मी आजारी होते तेव्हा कल्याणला येऊन राहिलात चार दिवस. आणि मनात हे होतं.

राहीबाई : तुमच्यावर राग न्हवता, बाई. तुमाला ठाऊक न्हवता. मना ठाऊक होता. थांबायची मी, न्हाय थांबले. दीपेश गेल्यावर चंद्राला बारावीला कोनी बसवला? गोडाऊनच्या ऑफिसान चिकटवायला तिच्यासंगं कोन गेला? तुमीच. तुमच्यावर राग धरला तर मना नरकान पन जागा न्हाय. पन उद्या ही हाय. दुसऱ्यांदा मी चूक करनार न्हाय. काल सपान पडला. मांडवाच्या दारान कोन उभा हाय. तोंड दिसत न्हाय, नुसता उजेड. पाय ओले, खाडीतून चालत आल्यासारखे. मी बोलते, या, बसा. तो बोलतो, मी कोनाकडं आलोय? आनि मना बोलताच येईना.

माधवी : मी निघते. साडेपाचची बस मिळेल. रुचिका, उद्या मी मागे कुठेतरी बसेन, नाहीतर परवा लग्नालाच येईन. माइकबिइक काही नको.

रुचिका : बाई, थांबा ना. आजी, थांबव त्यांना.

राहीबाई : बसा, बाई. अशा उन्हान कुठं जाता? बसा खाली. एक काम करा. काय हाय त्या स्तोत्रान ते मना सांगा. इतकी वरसां घाबरले त्याला, ओळख पन न्हाय आमची.

माधवी : आता कशाला?

राहीबाई : मूळ धाडलेला कोनाचा, काय बोलून धाडलेला, ते तरी कळू दे. श्लोक नको. तुमी शाळेन गोष्टी सांगायच्या तसा सांगा.

माधवी : त्याला आदित्यहृदय म्हणतात. आदित्य म्हणजे सूर्य, हे तुम्हाला माहीतच आहे. गोष्ट अशी सुरू होते, की लढाई किती दिवस चाललीय, संपतच नाही. सैन्य निम्मं पडलंय. आणि राम थकलाय.

राहीबाई : राम?

माधवी : राम. सुरुवातच तिथून आहे. थकलेला, चिंतेत उभा. रामाला थकलेला म्हणायला रचणाऱ्याला संकोच वाटला नाही. समोर रावण उभा आहे. आणि वर आभाळात देव जमलेत, लढाई बघायला. वज्रेश्वरीच्या जत्रेला माणसं जमावीत, तसे.

राहीबाई : देव पन बघेच. नुसते बघनारे.

माधवी : सगळे नुसते बघणारे. त्यातून एकटे अगस्ती ऋषी खाली येतात आणि रामाच्या जवळ जातात. मला वाटायचं, आता हे काहीतरी अस्त्र देणार. तसलं काही देत नाहीत. त्याला बाळ म्हणतात. म्हणतात, तुला एक फार जुनी, गुपित गोष्ट सांगतो. समोर बघ. तो उगवतोय ना, त्याला नमस्कार कर.

राहीबाई : आनि मंग?

माधवी : मग नुसती नावं.

राहीबाई : नावं?

माधवी : नावांमागून नावं. सोन्याच्या अंगाचा. हिरव्या घोड्यांचा. थंडी पळवणारा. अंधार फोडणारा. पाऊस पाडणारा. पाण्याचा मित्र.

राहीबाई : पान्याचा मित्र बोललेत?

माधवी : हो. का?

राहीबाई : न्हाय, रामाला हे सांगनारा मिठागरावर राबलेला दिसतो. माजा माहेर मिठागराचा ना. लोक बोलतात सूर्य पानी सुकवतो. आमचा बापूस बोलायचा, सुकवत न्हाय गो, उचलून घेतो. चार महिन्यांनी आनून देतो परत, जिथल्या तिथं. सकाळी वाफ्यान पानी असा उभा असायचा, आनि त्याच्यान एक सूर्य, पुढच्या वाफ्यान दुसरा सूर्य, त्याच्या पुढच्यान तिसरा. मी ल्हान होते. मना वाटायचा आमच्याकडं लय सूर्य हायेत, बाकी गावांना एकच.

माधवी : हे माझ्या कुठल्याही पुस्तकात नाही, राहीबाई.

राहीबाई : पुढं सांगा. नावं घेतली, मंग?

माधवी : मग सांगतात, की हाच ब्रह्मा, हाच विष्णू, हाच शिव, हाच काळ, हाच यम.

राहीबाई : यम पन तोच?

माधवी : तोही तोच. ते लपवलेलं नाही. आणि एक जागा आहे, ती म्हणताना माझा आवाज अजून हलतो. त्यात असं म्हटलंय, की सगळे जीव झोपले म्हणजे त्यांच्या आत हा एकटा जागा असतो.

राहीबाई : रातचा?

माधवी : रात्रीचाही.

राहीबाई : मावळल्यावर पन?

माधवी : मावळला म्हणजे आपल्याला दिसत नाही इतकंच. आत असतो. म्हणून तर हृदय. त्याचं काळीज म्हणा, नाहीतर आपल्या काळजातला तो म्हणा.

राहीबाई : आनि धुक्यान?

माधवी : धुक्यातही. हे स्तोत्रात नाही. हे मी म्हणते.

(राहीबाई निवडायचे तांदूळ बाजूला ठेवते.)

रुचिका : आजी, पाणी देऊ?

राहीबाई : नको. बाई, हे रचला कोनी? अगस्तीनी?

माधवी : गोष्टीत अगस्तींनी. पण काही पंडित म्हणतात, रामायणाच्या काही जुन्या पोथ्यांत हे नाहीच, मागाहून कोणीतरी घातलं. कोणी, कधी, पत्ता नाही. मी मनाशी एक धरून चालते. कोणीतरी एक माणूस असेल. एके सकाळी उठला असेल तो उठतानाच थकलेला. समोर सगळा दिवस उभा. त्यानं आपलं उगवतीकडं बघितलं आणि सुचतील ती नावं घेत सुटला. मग त्याला वाटलं, माझ्या नावावर हे कोण ऐकणार? म्हणून रामाच्या गोष्टीत ठेवून दिलं.

राहीबाई : बाईमानूस असंल.

माधवी : बाई कशावरून?

राहीबाई : पुरुष थकला का झोपतो. बाई थकली का उगवतीकडं बघते, बापरे, उजाडला, पानी भरायचा हाय.

रुचिका : हे बरोबर आहे, बाई. रिसर्च संपला.

राहीबाई : पन मना एक सांगा. पलीकडचा पन थकला असंल ना? त्याची तर घरचीच मेली सगळी. भाऊ गेला, पोर गेला.

माधवी : तो थकलेला म्हणजे रावणच, असंही काही जण लावतात.

राहीबाई : बघा. मंग त्याच्याकडं कोन गेला? त्याला कोनी बाळा बोलला?

माधवी : त्याच्याकडे कोणी गेल्याचं लिहिलेलं नाही.

राहीबाई : लिहिलेला नसंल. आमी होतो. हौसा सांगायची, शेवटच्या सकाळी राजा एकटाच बसलेला. वाजंत्री दारान आली. तो बोलला, आज नका वाजवू, आज कोनासाठी वाजवनार? वाजंत्री बोलली, राजा, तुज्यासाठी न्हाय, उगवत्यासाठी वाजवतो, रोजचा हाय तो. तू नुसता ऐक. आनि त्यांनी सूर्याला हाक मारली. तोच आमचा पयला मूळ. तिथून चालत आलाय तो, आयांकडून सुनांकडं.

माधवी : म्हणजे एकाच सकाळी. अलीकडून राम नावं घेतोय आणि पलीकडून तुमची माणसं वाजवताहेत.

राहीबाई : आनि तो मधी. लाल, हातभर वर.

माधवी : मग तो कोणाचा पाहुणा झाला, राहीबाई?

राहीबाई : तोच इचार करते मी. पयल्यांदा हाक कोनी मारली, कोन सांगनार? दोघांनी मारली. ज्यानी मारली त्याच्याकडं आला असंल. तो काय एका दारान मावतो?

रुचिका : आजी, मग मला एक बोलायचंय. पण मी शपथ घेतलीय.

राहीबाई : कोनाची?

रुचिका : आईची. पाचवीत होते तेव्हा. पण आता नाही बोलले तर कधीच नाही बोलणार. आई रोज सकाळी इथे येते ना, गच्चीवर.

राहीबाई : मोटर बंद करायला येते. टाकी भरली का.

रुचिका : टाकीला ऑटोमॅटिक बसवून दोन वर्षं झाली. वायरमन प्रितमदादा येऊन लावून गेला, तूच त्याला चहा दिलास. मोटर आपोआप बंद होते.

राहीबाई : मंग ती वर काय करते?

रुचिका : हेच म्हणते. बाईंचं स्तोत्र. टाकीच्या बाजूला उभी राहते, लोटा घेऊन. नुसते ओठ हलतात, आवाज काढत नाही. बाबा गेले तेव्हापासून, रोज. सातच्या शिफ्टच्या आधी.

माधवी : चंद्राला येतं ते? दहावीत असताना पाठांतराच्या स्पर्धेसाठी करून घेतलं होतं मी तिच्याकडून. मला वाटलं, केव्हाच विसरली असेल.

रुचिका : एक अक्षर नाही विसरली. मला तिनेच शिकवलं, बाई. मी तुमच्याकडे शिकायला आले तेव्हा मला अर्धं येतच होतं. तुम्ही बोललात, पोरगी हुशार आहे.

राहीबाई : पावसान पन येते?

रुचिका : छत्री घेऊन. मी विचारलं एकदा, सूर्य दिसतच नाही तर कोणाला म्हणतेस? तर बोलली, तो दिसायचं काय काम, त्याला ऐकू जातं ना.

राहीबाई : आनि मना का न्हाय सांगितला?

रुचिका : हौसाआजी तुझ्या कानात बोलली ना, ते आईने ऐकलं होतं. ती बाजूलाच उभी होती हळदीसाठी. मला बोलली, आजीला सांगू नकोस, आजी त्या स्तोत्राला घाबरते. तिला वाटतं त्यानंच माझं वाटोळं झालं. मी कशी सांगू तिला, की त्याच्यावरच मी उभी आहे?

राहीबाई : असा बोलली?

रुचिका : असंच बोलली. शब्दाला शब्द.

राहीबाई : बावीस वरसां. खाली मी तिचा डबा भरते आनि वर ती उभी. दोघींच्या मधी एक स्लॅब. मना वाटायचा पोर मुकी झायली, कोनाशी बोलत न्हाय. ती बोलत होती.

माधवी : राहीबाई, मलाही हे माहीत नव्हतं. खरंच.

राहीबाई : बाई, परक्यानी मूळ धाडला तर पाव्हना परक्याचा. घरच्यानी धाडला तर?

माधवी : ते शास्त्र तुमचं. मी त्यात बोलणार नाही.

राहीबाई : घरच्यानी धाडला तर घरचा. बावीस वरसां या गच्चीवरून हाक जाते त्याला, रोज, न चुकता. तो काय आता विचारनार हाय, मी कोनाकडं आलोय म्हनून? त्याची पायवाट पडली असंल आमच्या दारापरत. आनि मी वेडी, दार लावून बसलेय.

रुचिका : म्हणजे उद्या बाईंनी म्हटलं तर चालेल?

राहीबाई : न्हाय. बाई बोलनार न्हाईत.

रुचिका : आजी!

राहीबाई : आदी ऐक पुरता. चंद्रा बोलंल. ओठान न्हाय, मोठ्यानी. पयला तिचा, मंग माजा मूळ.

रुचिका : आई मांडवात येणार नाही बोलली ना. आणि सगळ्यांत आधी तिने काही म्हटलं तर बायका काय काय बोलतील, तुला माहितीय. नवरा नसलेली बाई पुढे कशी, वगैरे. गणेशपुरीहून नवऱ्याकडच्या, प्रितेशच्या मावश्या येणार आहेत हळद घेऊन.

राहीबाई : येऊ दे. उद्या मांडव माजा हाय. धवलारीन बोलते तवा पाटील पन पान थुंकून उभा ऱ्हातो. मी सांगेन, हिच्या आईनी सूर्य आनलाय, त्याच्याबिगर मना गाता येत न्हाय. मंग बघू कोन बोलते. आनि बोललीच कोन, तर माजा आवाज मोठा हाय अजून.

माधवी : आणि मी?

राहीबाई : तुमी पुढं बसा, खुर्ची घेऊन. कुठं अडली तर हळूच सांगा. इतक्या वरसांनी तोंड उघडनार हाय पोर, भांबावंल.

माधवी : ती अडायची नाही. पण बसेन मी.

रुचिका : आईला कोण सांगणार? मी नाही. मी शपथ मोडलीय, ती माझा जीव घेईल.

राहीबाई : मी सांगते. जिन्यावरून हात धर माजा, गुडघा धरतो. आनि ऐक, तिला किती वेळ लागतो सगळा बोलायला?

रुचिका : तीनदा म्हणते ती. अर्धा तास तरी धर.

राहीबाई : मंग आचाऱ्याला सांग, सकाळचा चहा अर्धा तास उशिरा. तवर मी तिच्या बाजूला उभी ऱ्हाते. गप.